परात आणि गारा

मुलांनो, तुमची आजी पूजाही घड्याळ लावून करते असं तुम्ही चेष्टेनं म्हणता, ते खरंच आहे. फुलं, दिवा, पोथीची दोन पानं, पंचवीस मिनिटं. आपलं ऐकणारं खरंच कोणी आहे का, हा प्रश्न मी वर्षानुवर्षं टाळत आले होते. गेल्या वैशाखात आपल्या वाडीला वावधन आलं, म्हणजे वादळ, तेव्हा मात्र तो टाळता येईना.

आजोबा दही आणायला गेले होते. डोळ्याचं ऑपरेशन होऊन आठवडाही झाला नव्हता, पण "कोपऱ्यावर तर जायचं" म्हणत हट्टानं निघाले. भर दुपारी धुळीनं अंधारून आलं. गोदामांचे पत्रे पतंगासारखे उडू लागले आणि पाठोपाठ लिंबाएवढ्या गारा. फोन लागेना. मी दारात नुसती उभी.

शेजारच्या गोदाबाई आपल्या ओसरीवरून ओरडल्या, "काहून उभ्या राहिल्या वं म्याडम? तवा फेका आंगणात, गारा थांबतात!" एरवी मी हसले असते. त्या दिवशी स्वयंपाकघरात धावले, हाताला लागलं ते उचललं आणि "देवा, आता तूच बघ" म्हणून अंगणात फेकलं. ती निघाली पितळेची परात.

"अवं बाई, लोखंड सांगतलं न मी! पितळेले कोन भेते?" गोदाबाईंनी कपाळाला हात लावला.

गारा काही थांबल्या नाहीत. पण परात फरशीवर उताणी पडली होती, आणि तिच्यात त्या अशा वाजू लागल्या की सगळी गल्ली घणघणली. थोड्या वेळानं फाटक वाजलं. डोक्यावर दुकानदाराचं पोतं घेतलेले आजोबा आत आले. दही सांडलेलं, डोळा शाबूत.

"धुळीत रस्ताच दिसेना. कुठंतरी आरती चालली आहे असं वाटलं, आवाजाच्या मागे आलो," ते म्हणाले. मग माझ्याकडे बघून, "देवी मात्र ओळखीची निघाली."

मी रडता रडता हसत सुटले. परातीतल्या गारा विरघळायच्या आत धुऊन पन्ह्यात टाकल्या, आणि छपरं उडालेल्या तीन घरांची माणसं आमच्याकडे बसून ते पन्हं प्यायली.

याला काय म्हणावं, मला ठाऊक नाही. तुम्हाला पटवायचंही नाही. मी फक्त हात जोडते. नीट मागायला जमलं नाही तरी चालतं, हातातलं तेवढं सोडून द्यावं. पुढचं ज्याचं तो बघतो.