अमावस्येचं शेत

आमच्या घराण्यात कॉम्प्युटर मला कळतो, असा एक समज होता. तो मीच पसरवलेला होता. सौंसरच्या शाळेत शिकवता शिकवता ऑफिसातल्या कॉम्प्युटरवर बदल्यांचे अर्ज आणि मुलांच्या याद्या भरायचं काम माझ्याकडे आलं, आणि तेवढ्यावर मी नातेवाइकांत तज्ज्ञ झालो. कोणाचा फोन अडला की मला हाक. माझाही स्वभाव असा की येत नसलं तरी नाही म्हणायचं नाही.

हा समज माझ्या वहिनीनं मोडला. तिनं तो मुद्दाम मोडला नाही, हेच जास्त लागलं.

वहिनी म्हणजे पांढुर्ण्याला राहणाऱ्या माझ्या मोठ्या भावाची बायको. माहेर रामाकोन्याचं, शिक्षण दहावी, स्वभाव कडक. एकदा बोलणं बंद केलं की केलं. तिला एकच मुलगी, माझी पुतणी. ती नोकरीला पुण्याला गेली आणि तिथं तिनं स्वतःच्या मनानं लग्न केलं. मुलगा चांगला होता, पण घरी आधी सांगितलं नाही एवढं वहिनीला पुरलं. भाऊ बाहेर जाऊन लेकीशी गुपचूप बोलायचा. वहिनीचा मात्र अबोला. या गोष्टीला अडीच वर्षं झाली होती.

पुतणीचा जुना कॉम्प्युटर पांढुर्ण्यालाच राहिला होता. कॉलेजात असताना ती त्यावर शेतीचा एक खेळ खेळायची. एक ओसाड तुकडा मिळतो, तो साफ करायचा, पेरायचं, झाडं लावायची, गाई-कोंबड्या पाळायच्या. दिवस संपला की आपल्या झोपडीतल्या पलंगावर जाऊन झोपायचं. झोपलं की त्या दिवसाचं काम जतन होतं, न झोपता बंद केलं तर सगळा दिवस वाया. शेतकऱ्याच्या घरची पोरगी सुट्टीत घरच्या शेताकडे फिरकत नाही आणि पडद्यावरच्या गाईला चारा घालते, म्हणून आम्ही तिची खूप थट्टा केली आहे.

मागच्या उन्हाळ्यात मी पांढुर्ण्याला गेलो, तर त्या कॉम्प्युटरसमोर वहिनी बसलेली. चष्मा नाकावर, पदर खोचलेला, आणि पडद्यावर ती झाडं तोडून लाकूड गोळा करत होती.

"वहिनी, तुम्ही खेळून राहिल्या?"

"खेळून नाई राहिली," ती मागं न बघता म्हणाली. "ते गेली टाकून. ढोरं उपाशी राहतीन तं पाप कोनाले लागन?"

"अन् हे लाकूड?"

"घर वाढवाचं हाय. एका खोलीचं घर काय घर असते?"

मी हसलो. घरी येऊन बायकोलाही सांगितलं, दोघं मिळून हसलो. आता वाटतं, हसायच्या आधी जरा नीट बघायला हवं होतं. लेकीचं नाव न घेणारी बाई रोज दुपारी तासभर लेकीच्या शेतात राबत होती.

दसऱ्याच्या आदल्या दिवशी तिनं मला बोलावून घेतलं. कॉम्प्युटर आता सुरू होताना घरघर करायचा आणि मधेच बंद पडायचा.

"भाऊजी, हा आता जास्त दिवस चालत नाई," ती म्हणाली. "हा मराच्या आत तिचं शेत तिले धाडून द्या. तिचं हाय, तिच्याकडे गेलं पाहिजे."

"मग तुम्हीच पाठवा ना. तुमच्याकडे तिचा नंबर आहे."

"मी धाडलं तं मी बोलली असं होते," ती म्हणाली. "फाईल मी काढून देतो. तुमी फक्त धाडा."

इथं माझ्यातला तज्ज्ञ जागा झाला. "फाईल काढणं म्हणजे डब्यातून लाडू काढणं नाही, वहिनी," मी म्हणालो. "तुम्ही चहा ठेवा." ती चहा ठेवायला गेली.

मी खेळाचं फोल्डर शोधलं. चांगलं मोठं होतं. एवढ्या मोठ्या फोल्डरात शेत असणारच, म्हणून ते अख्खं माझ्या पेनड्राइव्हवर घेतलं. इथंच थांबलो असतो तर काही बिघडलं नसतं. पण दुसऱ्या दिवशी दसरा. आमच्याकडे दसऱ्याच्या आदल्या दिवशी घरातलं प्रत्येक हत्यार घासूनपुसून ठेवतात. विळा, कुऱ्हाड, फवारणीचा पंप, भावाची मोटरसायकल सगळं अंगणात धुऊन वाळत होतं. सकाळी या कॉम्प्युटरलाही हळदीकुंकू आणि आपट्याची पानं वाहायची होती. मला वाटलं, बाहेरून पुसायचा तर आतूनही का नको? मळ साचून तो घरघरतो आहे. मी त्याची आतली पाटी कोरी केली, सगळं नव्यानं घातलं आणि पेनड्राइव्हवरचा खेळ परत ठेवला. दोन तास लागले, पण कॉम्प्युटर कसा वाऱ्यासारखा सुरू झाला. मी वहिनीला मोठ्या तोऱ्यात हाक मारली.

खेळ उघडला. पडद्यावर ओसाड तुकडा, दगड, तण आणि एका खोलीची झोपडी. अगदी पहिला दिवस.

मी फोल्डर उलटंपालटं केलं. मग कळलं ते असं: त्या मोठ्या फोल्डरात नुसता खेळ होता. खेळणाऱ्याचं शेत दुसरीकडे, एका लपवलेल्या कोपऱ्यात जतन व्हायचं, आणि तो कोपरा मी स्वतःच्या हातानं धुऊन काढला होता. अति शहाणा त्याचा बैल रिकामा म्हणतात. इथं बैल दुसऱ्याचा होता.

वहिनीनं एकच विचारलं. "घर?"

"पहिल्यासारखं झालं," मी म्हणालो. "एका खोलीचं."

ती खुर्चीवर बसली. ती रागावली असती तर मला बरं वाटलं असतं. तिचा राग आम्हा सगळ्यांना माहीत आहे, तो अंगावर घेता येतो. ती नुसती पडद्याकडे बघत राहिली, आणि त्या बाईचे डोळे भरलेले मी तिच्या लग्नानंतर पहिल्यांदा पाहिले. या वेळी लेकीशी तिचं जे काही बोलणं होणार होतं, ते सगळं त्या शेतात होतं. हे मला तेव्हा अर्धवटच कळलं.

मग ती उठली आणि आतून पत्र्याचा डबा घेऊन आली. तो तिचा बियाण्याचा डबा. वाल, भोपळा, गावरान वांगी, लाल मिरची, सगळं राखेत घोळून ठेवलेलं, वर कडुनिंबाचा पाला. तिच्या माहेरची रीत अशी की बी कधी एका घरात ठेवायचं नाही. एक वाटा आपल्याकडे, एक माहेरी, एक तिसऱ्या घरी. एकाकडे उंदरांनी खाल्लं, एकाकडे भिजलं, तरी तिसऱ्याकडे पेरायला राहतं. तिनं राखेत हात घातला आणि मिरचीच्या बियांतून एक पेनड्राइव्ह काढला.

"तुमी काढाच्या आधीच मी काढून ठेवलं होतं," ती म्हणाली.

मी तिच्या पाया पडायचाच बाकी होतो. पण पेनड्राइव्ह लागेना. पावसाळ्यात राखेला ओल धरली होती आणि पुढच्या पट्ट्या काळ्या पडल्या होत्या. मी दात घासायच्या ब्रशनं घासलं, फुंकलं, पुन्हा लावलं. काहीच नाही. कीड लागू नये म्हणून पेनड्राइव्ह राखेत ठेवणारी जगात आमची वहिनी एकटीच असेल, पण त्या क्षणी मला हसू आलं नाही.

"रामाकोन्याले हाय," ती म्हणाली आणि तिनं माहेरी भावाला फोन लावला. भाऊ तिकडून खुशीत सांगत होता की त्यानं जुना फोन कालच दुकानात देऊन सणाचा नवा घेतला. शेताचा दुसरा वाटा त्या जुन्या फोनात होता. वहिनीनं फोन ठेवला.

"अन् तिसरं घर?" मी घाबरतच विचारलं.

"तिसरं तुमचंच हाय."

"माझं?"

"दर अमावस्येले धाडतो नं तुमाले. पाहत नाई का?"

आमच्याकडे अमावस्येला बैल जुवाखाली घेत नाहीत. शेताला सुट्टी असते, त्या दिवशी वहिनी घरातली राहिलेली कामं उरकते. आणि हो, दर अमावस्येला तिच्याकडून मला काहीतरी यायचं. मला वाटायचं, देवाचा फोटो असेल, नाहीतर दहा जणांना पाठवा म्हणणारा निरोप. मी एकदाही उघडून पाहिलं नव्हतं. दसऱ्यासाठी फोनही साफ करू असं सकाळीच मनात आलं होतं, केवळ आळसानं राहिलं. आयुष्यात माझा आळस एवढा कोणाच्या उपयोगी पडला नाही.

फोन काढला. वहिनीच्या नावाखाली ओळीनं सात फाईली, प्रत्येकीवर एकच शब्द, 'शेत'. शेवटची सर्वपित्री अमावस्येची, म्हणजे नऊ दिवसांपूर्वीची.

"नऊ दिवस गेले," वहिनी म्हणाली. "कोबी गेली. जाऊ द्या."

मी तिला विचारलं, तो लपवलेला कोपरा तुम्हाला सापडला कसा? मला, म्हणजे तज्ज्ञाला, तो आहे हेही ठाऊक नव्हतं.

"त्यात काय हाय? एक झाड लावलं. जाऊन झोपली. मंग पाहलं का आत्ताच्या टायमाले कोणती फाईल हलली. लपवलेलं दाखवा म्हनून एक खूण होती, ते केली. ठिबकची नळी कुठं फुटली हे पाहाले आपन सारं वावर खोदतो का? पानी सोडतो अन् ओल कुठं येते ते पाहतो."

मी शाळेत पंचवीस वर्षं शिकवतो आहे. आपण शोधायचं कुठं हे माहीत नसलं की आधी तिथं काहीतरी हलवायचं, आणि मग काय हललं ते बघायचं, हे एवढं स्वच्छ मला कोणी सांगितलं नव्हतं. मला तिचा अभिमान वाटला, आणि माझी लाजही वाटली. दोन्ही सांगायला मला आज संकोच नाही.

मग मी पुतणीला फोन लावला आणि फाईल पाठवली. तिला एवढंच सांगितलं की तुझं जुनं शेत आहे. तिच्याकडे खेळ होता, पण कॉम्प्युटर वेगळ्या कंपनीचा, तिथं तो कोपराही वेगळ्या ठिकाणी. "काका, कुठं ठेवू? इकडं तसं फोल्डरच नाही," ती म्हणाली. फोनचा आवाज मोठा केलेला होता. वहिनी शेजारी उभी होती, हातात तो राखेचा डबा तसाच.

"सांगा तिले," वहिनी मला म्हणाली, "नवीन शेत सुरू कर म्हना. एक दिवस झोप म्हना."

अडीच वर्षांनी पुतणीच्या कानावर आईचा आवाज पडला होता. तरी मी शहाण्यासारखं परत सांगितलं, "नवीन शेत सुरू कर, एक दिवस झोप."

"झोपली," पुतणी बऱ्याच वेळानं म्हणाली. आवाज बारीक झाला होता.

"सांगा तिले, आता कोणती फाईल हलली ते पाय म्हना. जिथं हलली तिथंच हे ठेव. अन् नाव बदलू नको म्हना, घरचं नाव घरालेच राहू दे."

"ऐकलं मी," पुतणी म्हणाली. "आईले सांगा, ऐकलं मी."

अशा रीतीनं मायलेकींनी माझ्या तोंडून पाऊण तास शेत लावलं. दोघींना एकमेकींचं स्पष्ट ऐकू येत होतं, तरी मी प्रत्येक वाक्य परत म्हणत होतो. त्या दिवशी मला एवढंच काम नीट जमलं.

मग पुण्याकडून खेळाचं संगीत ऐकू आलं. उघडलं होतं. पुतणी एकेक बघत गेली. "संत्र्याची झाडं केवढी झाली, काका... गाई सहा? माझ्या तर दोनच होत्या... अन् कोंबड्यांचं घर कोणी बांधलं?" वहिनी खाली बघत डब्याच्या झाकणावरची राख बोटानं पुसत होती. "घर तर केवढं वाढवलं..." आणि पुतणी थांबली. घरात गेली असावी.

"काका," ती म्हणाली, "इथं दुसरा पलंग कोणी टाकला?"

मी वहिनीकडे पाहिलं. आता ती 'सांगा तिले' म्हणेल म्हणून थांबलो. ती म्हणाली नाही. तिनं डबा खाली ठेवला, माझ्या हातातून फोन घेतला आणि कानाला लावला.

"मी टाकला," ती म्हणाली. "मंग जावई काय खाली झोपतीन?"

तिकडून फक्त रडणं ऐकू येत होतं. वहिनीनं फोन दुसऱ्या कानाला लावला आणि नाक पुसलं.

"रडू नको," ती म्हणाली. "आधी जाऊन झोप त्या पलंगावर. झोपल्याबिगर जतन नाई होत."