कापायची राहिलेली पानं

शाहूपुरीतला निसार बाइंडर पुस्तकं शिवता शिवता वाचून काढतो. बालशिक्षणावरची तर त्यानं इतकी वाचलीत, की पोरांच्या आया त्यालाच सल्ला विचारतात.

परवा त्याला चौथीत शिकवलेल्या कालिंदीबाई नोकरीला लागल्यापासून जवळ असलेलं बालशिक्षणावरचं एक खिळखिळं पुस्तक घेऊन आल्या. दुसऱ्या दिवशी पालकसभेत त्यांना त्यावरच भाषण ठोकायचं होतं.

निसारनं बघितलं, तर तिसाव्या पानापुढची पानं कडेला जोडलेलीच. छापखान्यानं कापली नव्हती आणि बाईंनीही नाही.

"बाई, पुढची पानं कापू न्हवं?"

"हळू बोल की रं मुडद्या! उद्या कुणी पुढचं विचारलं तर? काप आणि वाच बघू."

निसारनं पान कापून वाचलं, "मारल्यानं मूल वाचनालाच घाबरतं."

बाई कडाडल्या, "मग हे पहिल्या पानावर छापायला काय झालं होतं? तुला एवढं बडवलं नसतं की!"