नाव काय लिहू?

जन्म-मृत्यू नोंदणीच्या खिडकीवर एकोणीस वर्षं बसलं की किस्से गोळा करावे लागत नाहीत. ते आपणच येऊन लाईनीत उभे राहतात. रायपूर महापालिकेच्या ज्या झोन कार्यालयात मी आहे, तिथे दोन्हीसाठी खिडकी एकच. फॉर्म वेगळे, पण पहिला रकाना तोच: नाव. लोकांना वाटतं, हा सगळ्यात सोपा रकाना. मलाही वाटायचं.

*

सुरुवात स्वतःपासूनच करते. आम्ही मूळचे भंडाऱ्याकडचे. बाबा रेल्वेत लागले आणि इकडचेच झाले. आम्हा तिघा भावंडांची नावं त्यांनी फार विचार करून ठेवली. मी प्रज्ञा, मधला शील, धाकटी करुणा. बाबा म्हणायचे, "तिघांले जेवाले हाक मारली का बुद्धवंदना म्हटल्यासारखं वाटते."

पण रायपुरात 'ज्ञ'चा उच्चार 'ग्य'. त्यामुळे घरी मी प्रज्ञा आणि ऑफिसात प्रग्या. त्यात शाळेत घालताना बाबांनी इंग्रजी स्पेलिंग मराठी उच्चाराप्रमाणे लिहिलं, मध्ये डी आणि एन घालून. मागे एक नवे साहेब आले. त्यांनी कॉम्प्युटरवर स्टाफची यादी वाचली आणि विचारलं, "ये प्रदन्या मैडम कई दिन से दिखी नहीं?"

माझ्या शेजारच्या टेबलावर साहू भैया बसतात. ते मान वर न करता म्हणाले, "सर, वो प्रग्या मैडम के साथ ही आती-जाती हैं।"

दोन दिवस साहेब माझ्या मागे कोणी येतंय का ते बघत होते.

*

आमच्याकडे फायली इकडच्या तिकडे नेण्याचं काम सुकवारा दीदी करतात. शुक्रवारी जन्मल्या म्हणून सुकवारा. छत्तीसगडात ही जुनी रीत आहे. बुधवारचा बुधारू, सोमवारचा समारू. पण मुलाचं लग्न शहरातल्या मुलीशी ठरलं, तेव्हापासून दीदींना नावाची लाज वाटू लागली. व्याह्यांकडे त्यांनी आपलं नाव सरिता सांगितलं होतं. एक दिवस मला हळूच विचारलं, नाव बदलायला काय काय कागद लागतात? मी फॉर्म आणून दिला. तो घडी घालून त्यांच्या पिशवीत राहिला.

त्याच हिवाळ्यात स्वेटर विकायला आलेल्या तिबेटी लोकांपैकी एक आजीबाई खिडकीवर आल्या. त्यांच्या मुलीचं बाळंतपण इथेच झालं होतं, नातवाचा दाखला हवा होता. साहू भैयांनी त्यांचं नाव विचारलं.

"पासांग."

"आगे?"

"आगे कुछ नहीं। बस पासांग।"

आडनावाशिवाय कॉम्प्युटर पुढे सरकेना. साहू भैया वरच्या मजल्यावर विचारायला गेले. तेवढ्या वेळात मी सहज विचारलं, पासांग म्हणजे काय?

"शुक्रवार। जिस दिन पैदा हुई, वही नाम।"

सुकवारा दीदी मागे कपाटात फायली लावत होत्या. त्यांचा हात थांबला. त्या येऊन आजीबाईंना नीट न्याहाळू लागल्या. मग म्हणाल्या, "मैं घलो." मीसुद्धा. त्या दोघी नंतर बाहेरच्या बाकावर बसून चहा पीत होत्या. एकीचं हिंदी मोडकं, दुसरीचं त्याहून मोडकं, पण गप्पा तासभर चालल्या.

संध्याकाळी दीदींनी तो फॉर्म माझ्या टेबलावर आणून ठेवला. "ये ला राख लव, दीदी. मोर नाव तो पहाड़ के ओ पार घलो चलथे." माझं नाव तर डोंगरापलीकडेही चालतं.

*

आता घरचा किस्सा. शीलची बायको रेखा धमतरीची, छत्तीसगडी घरातली. त्यांना मुलगी झाली. रेखाच्या माहेरी पत्रिका पाहून नावाचं अक्षर काढतात. पंडितजींनी सांगितलं, अक्षर निघालं 'ढ'.

रेखाच्या वडिलांनी हे फोनवर कौतुकाने कळवलं. आमचे बाबा पत्रिका वगैरे मानत नाहीत, पण त्या दिवशी त्यांना दुखलं ते वेगळंच. फोन ठेवून म्हणाले, "माह्या नातीले जन्मल्या जन्मल्या 'ढ' म्हणून राहिले ते लोक?"

रेखाला कळेना, एवढं काय झालं. शीलने तिला हिंदीत समजावलं की मराठीत ज्याला काहीच येत नाही अशा पोराला 'ढ' म्हणतात. ती हसायला लागली. बाबा हसले नाहीत. त्यांनी सुचवलं 'मैत्री'. रेखाच्या आईला वाटलं, हे काय नाव झालं, हे तर नातं झालं. दोन्हीकडून फोन सुरू राहिले. नंतर फोन कमी झाले, ते जास्त वाईट होतं. मधल्या मध्ये रेखाची कोंडी व्हायला लागली.

नियमाप्रमाणे नावाशिवायही जन्माची नोंद होते, नाव मागाहून घालता येतं. मीच माझ्या हाताने भाचीची नोंद केली आणि पहिला रकाना कोरा सोडला. दहा महिने तो कोराच राहिला. मी आत्या, नाव ठेवण्याचा मान माझा. पण मी काहीही म्हटलं तरी कोणाची तरी बाजू घेतल्यासारखं झालं असतं.

एक दिवस दुपारी बाबा स्वतः खिडकीवर आले. लाईनीत उभे राहून आले, मी बोलावलं तरी पुढे आले नाहीत. नंबर लागल्यावर म्हणाले, "लिही. नोनी."

छत्तीसगडीत नोनी म्हणजे छोटी मुलगी. रेखा तिला पहिल्या दिवसापासून हेच म्हणायची.

"बाबा, हे काय नाव आहे? आणि मैत्रीचं काय?"

"सकाळपासून मैत्री, मैत्री करून राहिलो, पोट्टीनं पाहिलं नाही. तिच्या मायनं एकदा नोनी म्हटलं तं रांगत गेली. तिनं ठरवलं न आता, आपण काहून भांडाचं?"

मी लिहिलं. आता नोनी शाळेत जाते. नागपूरचे पाहुणे आले की विचारतात, "हे तं घरचं नाव झालं, खरं नाव काय?" ती हिंदीत सांगते, "यही असली है, दादाजी लाइन में लगे थे।"

*

शंकर नगरातून एक सत्तरीचे गृहस्थ आले होते, वर्मा नावाचे. शेजारचा मित्र वारला होता. त्याच्या बायकोच्या पायाला प्लास्टर, म्हणून मृत्यूचा दाखला घ्यायला हे आले.

"नाव?"

"बुड़ो।"

मी यादी पाहिली. नव्हतं. आडनाव विचारलं, ते सांगितलं, चक्रवर्ती. चक्रवर्ती त्या आठवड्यात दोन होते. पूर्ण नाव हवं होतं.

वर्माजी आठवू लागले. मग म्हणाले, "पूरा नाम तो... हम सब बुड़ो ही बोलते थे।"

बंगाली घरात प्रत्येकाला दोन नावं असतात, एक हाक मारायचं आणि एक कागदावरचं. हाक मारायच्या नावाला काही नियम नाही. बुड़ो म्हणजे म्हातारा. पाळण्यातल्या बाळाला कोणीतरी लाडाने म्हातारा म्हटलं, आणि ते चिकटलं ते चिकटलंच.

मी म्हटलं, घरी फोन करून विचारा. त्यांनी फोन लावला. पलीकडून वहिनींनी सांगितलं ते त्यांनी हातावर पेनने लिहून घेतलं आणि हात खिडकीतून माझ्यासमोर धरला. ज्योतिर्मय.

दाखला निघेपर्यंत ते बाकावर बसून होते. दोन-तीनदा तळहाताकडे बघितलं. कागद घेताना म्हणाले, "चालीस साल रोज शाम को तेलीबांधा तालाब का चक्कर लगाया साथ में। इतना सुंदर नाम था, बदमाश ने कभी बताया नहीं।"

*

गेल्या वर्षीची गोष्ट. पासष्टीचा एक माणूस मृत्यूची नोंद करायला आला. पांढरं धोतर, हातात नगरसेवकाचं पत्र, त्यात मृताचं नाव रामबती बाई. माहिती देणाऱ्याचं नाव विचारलं, त्याने सांगितलं, बिसाहू.

फॉर्ममध्ये एक रकाना असतो: मृताशी नातं. मी विचारलं, "आप उनके कौन लगते हैं?"

"कोनो नइ. परोसी."

मी म्हटलं, घरचं कोणी असेल तर बरं. तो म्हणाला, तिचं कोणी नव्हतं, मूलबाळ झालं नाही, नवरा कधीच गेला. शेवटची आठ वर्षं ती याच्याच घरी होती. अग्नीही यानेच दिला.

"फिर भी, कुछ तो रिश्ता होगा?"

त्याने धोतराचा सोगा सावरला. मग म्हणाला, "ओहर मोला बेचे रिहिस." तिने मला विकलं होतं.

साहू भैयांनी टायपिंग थांबवलं.

बिसाहूने सावकाश सांगितलं. त्याच्या आधी आईची तीन मुलं जन्मली आणि तिन्ही गेली. चौथा हा. गावात म्हणाले, हे लेकरू तुझं नाहीच असं कर, म्हणजे मरण फसेल. म्हणून जन्मल्याबरोबर त्याला भिंतीपलीकडे शेजारच्या रामबतीकडे देऊन टाकलं. ती नुकतीच लग्न होऊन आलेली पोर. एक दिवस आणि एक रात्र तो तिच्याजवळ राहिला. दुसऱ्या दिवशी आई सूपभर कोदोचं धान्य घेऊन गेली आणि तिच्याकडून त्याला विकत घेऊन आली. बिसाहू म्हणजे विकत घेतलेला. तो जगला.

"अब का लिखहू, लिख लव," तो म्हणाला. आता काय लिहायचं ते तुम्हीच लिहा.

मी विचारलं, "और आपकी माँ?"

"ओ तो मोला बिसाइस." तिने तर मला विकत घेतलं. मग काचेजवळ वाकून, मला समजेल अशा बेताने, एकेक शब्द सुटा करत म्हणाला, "मैडम, जेकर जिनिस रहिथे, उही तो बेचथे."

ज्याची वस्तू असते, तोच ती विकू शकतो ना.

साहू भैया माझ्याकडे बघत होते. मागे लाईन वाढली होती. मी रकान्यात लिहिलं: पुत्र.