ओटा पाडायला गेलो आणि देव बसवून आलो

कोर्टाचा अवमान करण्याइतकी हिंमत माझ्या अंगात नाही. मी बायकोचासुद्धा कधी केलेला नाही.

तरी घडलं! राजूरच्या रस्त्याला आमचं घर. दारापुढचा ओटा शेजारच्या किसनरावांच्या वाटेत येतो, तो पाडा, असा कोर्टाचा हुकूम झाला. मी आज पाडू, उद्या पाडू करत बसलो आणि किसनरावांनी थेट अवमानाचा अर्ज ठोकला. वकीलसाहेब फोनवर कडाडले, "येत्या तारखेला ओटा दिसला न्हाई पाहिजे. न्हाईतर बिलकुल आत जाल!"

आत! (आमच्या सात पिढ्यांत कुणी पोलीस स्टेशनात पाणीसुद्धा प्यालेलं नाही.)

दुसऱ्या दिवशी उजाडताच कुदळ काढली. पण पूजा केल्याशिवाय कुदळ मारतं का कुणी? नेमकं कुंकू संपलेलं, म्हणून बायकोनं शेंदूर दिला. ओट्याच्या कोपऱ्यातल्या दगडाला मी तो फासला, हार घातला, नारळ फोडला आणि चहा प्यायला आत गेलो.

तेवढा चहा नडला! त्या दिवशी अंगारकी. जालन्याहून राजूरच्या गणपतीला पायी निघालेल्या भाविकांची रस्त्यानं रीघ लागलेली. बाहेर येऊन बघतो तर ओट्यापुढं लाइन! उदबत्त्या, दूर्वा, फुलं! एक आजी दगडाला डोकं टेकून बसल्या होत्या.

"अहो आजी, हा देव न्हाई, ओटा हाय! मला पाडायचाय!"

"अगं बाई! हा मुडदा देव पाडून राह्यला!"

सगळी लाइन माझ्याकडं वळली. कुणीतरी कुदळ हिसकावली. मी घरात पळालो आणि कडी लावली.

"आता गं?"

"आता काय! देव ओट्यावर अन् तुम्ही जेलात," बायको म्हणाली.

खरा धक्का संध्याकाळी बसला. खिडकीतून पाहतो तर लायनीत खुद्द किसनराव! सहकुटुंब! हातात मोदकांचं ताट!

"किसनराव, अहो तुमच्याच वाटेतला ओटा हाय हा!"

"असू द्या, भाऊ. सकाळी सुनेसाठी नवस बोलून गेल्तो. दुपारी नातू झाला! आता ह्याला हात लावून तर बघा!"

"मंग माझं काय? तुमच्याच अर्जानं मी आत चाललो ना!"

किसनरावांनी शांतपणे मोदक ठेवले आणि आमच्या घराभोवती एक चक्कर मारली. म्हणाले, "अर्ज काढून घेतो. पण मला वाट पाहिजे. ओट्याच्या पल्याडून द्या."

ओट्याच्या पल्याड आमचं न्हाणीघर! पण जेलापुढं न्हाणीघर काय चीज आहे? मी जल्दी जल्दी तडजोडीवर सही केली. कोर्टानं ती मान्य केली आणि मी वाचलो.

तेव्हापासून मी टॉवेल गुंडाळून अंगणात आंघोळ करतो. चतुर्थीला देवापुढं मोदकांची रास पडते, आणि परवा एका बाईनं कीव येऊन माझ्या हातातल्या मगात रुपया टाकला!