रिकामा कॅमेरा

तारमुजी माझा विद्यार्थी. क्लातेनजवळच्या आमच्या गावातून तो जाकार्ताला गेला. सिनेमाच्या सेटवर आधी दिवे उचलले, मग कॅमेरा हाती आला. चाळिशीत तो नावाजलेला छायाचित्रकार होता. सायंकाळच्या उन्हातले चेहरे त्याच्याइतक्या मायेने कोणी टिपत नसे.

एकदा चित्रीकरणासाठी तो गावातच आला. कामाआधी रिवाजाप्रमाणे पिवळ्या भाताची उंच रास रचली. तिचं टोक मानाच्या माणसाला देतात. गावाने दिग्दर्शकाला डावलून ते तारमुजीला दिलं.

दुपारी लग्नाच्या मिरवणुकीचा प्रसंग होता. सगळं गाव नटून आलं. त्याची मावशी पाइनाह पुढे नाचणार होती.

"मला नीट दाखव रे," ती म्हणाली, "नाहीतर सगळ्यांसमोर कान पिळीन!"

फिल्म संपत आली होती. दिग्दर्शक हळूच म्हणाला, "यांच्यावर फिल्म नको घालवू. रिकामाच फिरव. लोक खूश होतील."

असं तारमुजीने परगावी अनेकदा केलं होतं. त्याने मान डोलावली. मावशी घामाघूम होईपर्यंत नाचली.

वर्षभराने मैदानात पडदा बांधून तो सिनेमा दाखवला. तारमुजीही आला होता. मावशी शेंगा घेऊन सर्वांत पुढे बसली. सिनेमा संपला, मिरवणूक आलीच नाही.

"कापली असेल शहरवाल्यांनी," मुखिया म्हणाले. तारमुजीला कोणी काही विचारलं नाही. माणूस अवघडेल असं आमच्याकडे विचारत नाहीत. त्याला तेच सोसवेना. पुढे कधी गावात सिनेमा असला, तर तो पडद्यामागे जाऊन बसे. तिथून सगळं उलटं दिसतं, ओळखीचं कोणी सहसा येत नाही.

बऱ्याच वर्षांनी सुगीनंतरच्या गावजेवणात राशीचं टोक पुन्हा त्याच्याच पानात पडलं. त्याने हात मागे घेतला.

"त्या दिवशी कॅमेऱ्यात फिल्मच नव्हती, मावशी. मला माहीत होतं."

मग मावशी म्हणाली, "म्हणजे माझा अंबाडा सुटला, तो कोणीच नाही बघितला? बरं झालं बाई!"

लोक हसले. तारमुजी हसला नाही. "उद्या कॅमेरा आणतो. फिल्म भरून. तुझ्यासमोर भरतो."

"आता?" मावशीने पदराने बोळकं झाकलं. "आता कशाला रे? जेव, भात गार होतोय."

तो जेवला. मान खाली घालून, शेवटच्या शितापर्यंत.