उलट्या हाताचे भाऊ

भाऊ कुठल्याही वस्तूला पहिल्यांदा उलट्या हाताने शिवत. उजव्या हाताची बोटं किंचित मिटायची आणि मागची बाजू अलगद टेकवून बघायची. मोटर, मीटरची पेटी, फ्रिज इथपर्यंत ठीक आहे. पण आमच्याकडे चहा दिला तरी स्टीलच्या पेल्याला आधी उलटा हात. एकदा मी विचारलं, "भाऊ, माझ्या चहालाही करंट आहे का?" ते म्हणाले, "नाई मॅडम. पण हाताले सवय असली पायजे. सुलट्या हातानं धरलं अन् करंट असला, तर बोटं आपोआप मिटतात. मंग सोडतो म्हटलं तरी सुटत नाई. उलटा असला तर हात झटक्यानं मागं येते." एवढं सांगून त्यांनी चहा शांतपणे संपवला.

भाऊ आमच्या सोसायटीचे वायरमन. कात्रजच्या अलीकडे आमची चार मजली इमारत आहे. चोवीस बिऱ्हाडं, लिफ्ट नाही आणि भांडणं भरपूर. विमा कंपनीतून निवृत्त झाल्यावर घरात बसवेना म्हणून मी सेक्रेटरी झाले, असं मी सांगते. खरं म्हणजे मला लोकांच्या चुका काढायला आवडतं आणि त्या लिहून काढायला तर फारच. भाऊ यवतमाळकडचे. पुण्यात येऊन वीस वर्षं झाली होती, पण बोली तिकडचीच राहिली. विदर्भातला कुणीही आला की आमच्या लेखी तो नागपूरकर, त्यामुळे सुरुवातीला लोक त्यांना 'नागपूरवाले' म्हणत. "यवतमाळ जी, नागपूर लय दूर हाय," एवढंच ते सांगायचे. पुढे ते सगळ्यांना भाऊ म्हणतात म्हणून आम्हीही त्यांना भाऊ म्हणायला लागलो.

त्यांना शिकवायची भारी हौस. मी एकदा इस्त्री आणि मिक्सर एकाच बारक्या एक्स्टेन्शनवर लावला होता. ते आले, आधी अर्थातच उलटा हात टेकवला, मग वायर माझ्या हातात दिली. "कोमट लागते न? पातळ वायर करंटाले अडवते. अन् अडवलं का तापते." मला व्होल्टेज, करंट आणि रेझिस्टन्स हे तिन्ही शाळेपासून एकसारखेच वाटत आले होते, तसं मी बोलून दाखवलं. त्यावर त्यांनी पायरीवर बसून समजावलं, "संध्याकाळी सहाले हिंजवडीतून घरी जाची सगळ्याइले घाई असते. थे घाई म्हणजे व्होल्टेज. रस्ता अरुंद, खड्डे, सिग्नल, हा रेझिस्टन्स. मिनिटाले किती गाड्या सुटल्या, थो करंट. घाई वाढली तर करंट वाढते, अडवणूक वाढली तर कमी होते. बस, एवढंच हाय."

माझा भाचा हिंजवडीतल्याच एका कंपनीत आहे. मी म्हटलं, "मग बसमध्ये अडकलेल्या आमच्या भाच्याला काय म्हणायचं?"

"इलेक्ट्रॉन म्हणा त्याले. लोकाइले वाटते लय पळते, पण सरकते हळूच."

भाच्याला आम्ही पुढे कितीतरी दिवस त्याच नावाने हाक मारत होतो. फ्यूज कसा बसवायचा हेही मला भाऊंनीच शिकवलं. आधी मेन स्विच खाली, मग फ्यूज, मग मेन वर. सेक्रेटरीला एवढं आलंच पाहिजे, असं त्यांचं म्हणणं होतं.

पार्किंगच्या कोपऱ्यात अर्थिंगचा खड्डा होता. वीतभर बाहेर आलेला लोखंडी पाइप आणि त्याच्या तोंडात नरसाळं. दर शनिवारी भाऊ त्यात एक बादली पाणी ओतायचे. वर्षातून एकदा मीठ आणि कोळसा घालायचे. लोक त्याला भाऊंचं तुळशीवृंदावन म्हणायचे. मी एकदा कारण विचारलं, तर त्यांनी मला पंपाच्या खोलीत नेऊन भिंतीवर खडूने गणित मांडलं. इमारतीतले सगळे गिझर, पंप, फ्रिज यांचे पत्रे एका हिरव्या वायरने या पाइपाला जोडलेले. आतली वायर सुटून पत्र्याला लागली, की करंट त्या वाटेने जमिनीत जायचा. "माती ओली असली तर अडवणूक पाच. दोनशे तीस भागिले पाच, शेहेचाळीस. एवढा करंट गेला का फ्यूज उडते, अन् माणूस वाचते. माती वाळली अन् अडवणूक दोनशेवर गेली, तर?" मी म्हटलं, "एकच्या जरा वर." ते म्हणाले, "एवढ्यानं फ्यूजले पत्ताच लागत नाई. करंट पत्र्यातच बसून राहते. मंग कोणीतरी हात लावते." भागाकार मलाही येत होता. मी मान डोलावून वर निघून आले.

त्या वर्षी उन्हाळा कडक होता. टँकर येत होते आणि टँकरवरून रोज कुणीतरी माझ्या दारात येत होतं. अशात एका शनिवारी भाऊ भरलेली बादली खड्ड्यात ओतताना कुणीतरी पाहिलं, फोटो काढला, ग्रुपवर टाकला. मी लगेच सूचना लिहून फळ्यावर लावली: 'सोसायटीत टँकरचे पाणी येते. ते माणसांसाठी आहे. खड्ड्यांना तहान लागल्यास त्यांनी कार्यालयात लेखी अर्ज करावा.' लोकांनी तिचेही फोटो काढले. आमच्या अध्यक्षांनी खास फोन करून दाद दिली. मी दोन दिवस हवेत होते. भाऊंनी फळ्यासमोर उभं राहून सूचना सावकाश वाचली आणि मला म्हणाले, "अक्षर सुंदर हाय मॅडम तुमचं." त्यात टोमणा नव्हता. टोमणा मारणं त्यांना येतच नव्हतं आणि आम्हाला दुसरं काही येत नव्हतं.

पुढच्या शनिवारपासून ते घरून दोन मोठ्या बाटल्या भरून आणायला लागले. त्यांच्या चाळीत तरी पाणी कुठे धो धो येत होतं? मी बाल्कनीतून बघायचे आणि हसायचे. आज ते आठवलं की लाज वाटते.

दिवाळीनंतर आम्ही पार्किंगमध्ये पेव्हर ब्लॉक घातले. दोन स्कूटरची जागा वाढावी म्हणून खड्डाही बुजवायचं ठरलं, आणि ठरवणारी मीच. पाइप वरून कापून त्यावर ब्लॉक बसले. भाऊ म्हणाले, "मॅडम, एक ब्लॉक मोकळा ठेवा जी. मी झाकण करून देतो." कामगारांसमोर मी त्यांना म्हटलं, "भाऊ, विजेचं तुम्ही बघा, पाण्याचं मी बघते." वाक्य मला इतकं आवडलं की संध्याकाळी मी ते बहिणीला फोनवर ऐकवलं.

पुढच्या एप्रिलमध्ये पंप आवाज करायला लागला. भाऊ सकाळी आले आणि पंपाच्या खोलीत गेले. दहा मिनिटांनी वॉचमन धावत वर आला. मी खाली गेले तेव्हा भाऊ दारातल्या पायरीवर आडवे पडले होते. उजवा कोपर भलत्याच दिशेला वळला होता आणि डोक्यातून रक्त येत होतं. पंपाला हात लावताच ते मागे फेकले गेले होते, असं वॉचमनने सांगितलं. आम्ही त्यांना उचलून रिक्षात घालताना त्यांच्या शर्टाच्या डाव्या खिशातलं काहीतरी टणक माझ्या दंडाला टोचलं. मी ते काढून घेतलं. चिनी मातीचा पांढरा फ्यूज होता. पंपाचाच. कामाला हात घालण्याआधी फ्यूज काढून खिशात ठेवायचा, म्हणजे मागून कुणी चुकून पंप चालू करू शकत नाही, हा त्यांचा नियम होता. वॉचमन त्यांच्याबरोबर दवाखान्यात गेला. मी तो फ्यूज हातात धरून उभी राहिले.

अकरा वाजता वरच्या मजल्यांवरून फोन सुरू झाले, पाणी नाही. मी खाली गेले, मेन स्विच खाली केला, भाऊंनी शिकवल्याप्रमाणे फ्यूज बसवला, मेन वर केला. पाणी चढलं. दुपारी अध्यक्ष येऊन विचारून गेले, "पंपाचा फ्यूज जागेवर होता का हो?" मी म्हटलं, "आहे ना, जागेवर आहे." म्हटलं तर यात एक अक्षरही खोटं नव्हतं.

तीन दिवसांनी बैठक झाली. मी खूप घाबरले होते. पोलिस विचारतील, खड्डा कुणी बुजवला ते निघेल, माझ्या सहीचा कागद निघेल. इतिवृत्त लिहायचं काम माझ्याकडेच. मी सुंदर अक्षरात लिहिलं: 'वायरमनने फ्यूज न काढता, आवश्यक ती खबरदारी न घेता दुरुस्तीस हात घातल्याने अपघात घडला.' सगळ्यांनी सह्या केल्या. आजूबाजूच्या चार-पाच सोसायट्यांचं कामही भाऊच बघायचे, त्यांच्या ग्रुपवर अध्यक्षांनी तो कागद टाकला. आठवड्याभरात सगळीकडे दुसरे वायरमन आले.

आमच्याकडे आलेल्या नव्या माणसाने यंत्र लावून खड्ड्याचा रेझिस्टन्स मोजला आणि आकडा बघून जीभ चावली. तिसऱ्या मजल्यावरचा एक जुना गिझर आतून फुटला होता. सकाळी तो चालू असताना त्याचा करंट हिरव्या वायरीत उतरला, पण कोरड्या मातीने त्याला पुढे जाऊ दिलं नाही. तो परत फिरून त्याच वायरीने पंपाच्या पत्र्यावर येऊन बसला. पंपाचा फ्यूज काढूनही उपयोग नव्हता, कारण तो करंट पंपाचा नव्हताच. "ज्याला लागला तो नशिबाने वाचला, उलटा हात लावला असणार त्याने," तो म्हणाला. मी गिझर बदलायला लावला, ब्लॉक उचकटून खड्डा उघडला, नरसाळं बसवलं. सगळं गुपचूप केलं, आणि इतिवृत्त होतं तसंच ठेवलं.

महिन्याभराने मी त्यांना भेटायला गेले. हात गळ्यात बांधलेला. तो आता खांद्याच्या वर जाणार नाही, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. डोक्याला मार लागल्यामुळे त्या सकाळचं त्यांना पार्किंगपर्यंतचंच आठवत होतं. इतिवृत्ताचा कागद त्यांच्यापर्यंत पोचला होता. ते मला म्हणाले, "मॅडम, तुमी होत्या तिथं. मी फ्यूज काढला नोता का खरंच? तीस वर्षांत असं कधी झालं नाई. रोज आठवून पाहातो, पण खोलीत गेलो थेच दिसत नाई." ते कागदावर भांडायला तयार नव्हते. त्यांना फक्त माझ्या तोंडून ऐकायचं होतं. त्यांच्या पत्नी, म्हणजे आमच्या वहिनी, दारात पदराला हात पुसत उभ्या होत्या.

मी म्हटलं, "भाऊ, आता त्याचा विचार करू नका."

"मंग माझंच चुकलं असन," ते म्हणाले. मी सफरचंदांची पिशवी ठेवून निघाले. पायऱ्या उतरताना मला माझी किळस आली, पण मी परत वर गेले नाही.

पावसाळ्याच्या आधी ते दोघं गावी गेले. जाताना त्यांनी हत्यारांची पेटी त्या नव्या वायरमनला देऊन टाकली, हे मला त्याच्याकडूनच कळलं. त्याला दोन वर्षं झाली. मी अजून सेक्रेटरीच होते. दर शनिवारी बादली भरून खड्ड्यात मीच ओतायचे, आणि त्याने मला काडीचंही बरं वाटायचं नाही. शेवटी गेल्या महिन्यात सर्वसाधारण सभेत उभी राहिले आणि झालं तसं सगळं सांगितलं. फ्यूज त्यांच्या खिशात होता, तो मी काढला, मी बसवला, मी खोटं लिहिलं. इतिवृत्तात दुरुस्ती केली आणि राजीनामा दिला. अध्यक्ष म्हणाले, "आता कशाला उकरायचं?" ग्रुपवर त्या दिवशी कुणी काही लिहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी भाऊंना फोन लावला. सगळं एका दमात सांगून टाकलं, नाहीतर मधेच थांबले असते.

"खिशात होता?" त्यांनी विचारलं.

"हो. मीच काढून घेतला."

"कोणत्या?"

"डाव्या."

"हिले सांगा," ते म्हणाले आणि फोन वहिनींना दिला. मग मला तेच सगळं पुन्हा, पहिल्यापासून, त्यांना सांगावं लागलं. त्यांनी मध्ये एकदाही अडवलं नाही. माझं झाल्यावर म्हणाल्या, "म्हणजे तुमी घरी आल्या होत्या, तवा तुमाले माहीत होतं?"

"हो."

"दोन वर्षं झाले बाई, हा माणूस घरातलं बटन दाबत नाई. माझ्या हाताचा भरोसा नाई म्हणते. अंधार पडला का लाइट लावाले मले हाक मारते."

मी म्हटलं, मला माफ करा. वहिनींनी फोन ठेवला नाही. पलीकडे त्या भाऊंना काहीतरी म्हणाल्या. थोड्या वेळाने एका बटणाचा आवाज आला, मग पुन्हा आला, मग पुन्हा. आणि भाऊ रडत होते.