आमदारबापूंची पुस्तकं

छापखान्यात दोन गोष्टी साचतात. एक रद्दी आणि दुसरे किस्से! रद्दी निदान रद्दीवाला उचलून नेतो. किस्से कोण नेणार? नांदेडला वजिराबादेत आमचा छापखाना आहे. तिथं कुणीही चहाला टेकलं, की मालक रफिकभाई हमखास म्हणतात, "सुनंदाबाई, वो बापू का सुनाव ना इनकू!"

मी तिथं कॉम्प्युटरवर अक्षरजुळणी करते, प्रूफं काढते. आणि बापू म्हणजे गंगाधरबापू, हदगावकडचे. आमदार. मधूनमधून माजी आमदार, मतदारांच्या मूडप्रमाणे! पण आम्हाला त्यांच्या आमदारकीचं फार काही नाही. हा माणूस पुस्तकं लिहितो. आपल्या भागाचा इतिहास लिहितो, पुढाऱ्यांची चरित्रं लिहितो. आणि तेही राजकारणात राहून!

* * *

पहिल्यांदा आले तेव्हा निवडणूक तोंडावर होती. बापूंनी जाडजूड गठ्ठा टेबलावर ठेवला. रफिकभाईंना वाटलं, सीझन सुरू झाला! त्यांनी लगेच विचारलं, "बापू, चिन्ह कुठं टाकू? फोटो नमस्कार करतानाचा घ्यायचा का हात हलवतानाचा?"

बापू म्हणाले, "चिन्ह न्हाई, फोटो न्हाई. निजामाच्या काळात आपल्या गावागावांत काय झालं, त्याचं पुस्तक हाय."

"इलेक्शनच्या आधी? ह्यानं मतं मिळतील?"

"छे छे," बापू शांतपणे म्हणाले. "हायत ती बी जातील!"

* * *

त्याच पुस्तकाची जुळणी चालू असतानाची गोष्ट. धर्माबादकडच्या एका खेड्यात एक म्हातारी होती. रझाकारांच्या धामधुमीत ती लहान पोर होती, आईबरोबर जीव घेऊन पळाली होती. तिचं बोलणं फोनवर रेकॉर्ड करायला बापूंनी मला सोबत नेलं. गाडी आणि कार्यकर्ते त्यांनी गावाबाहेरच ठेवले. पण दोघं-तिघं ऐकतात थोडेच! ते मागून आलेच.

म्हातारीला वाटलं, कुणी मतं मागायला आलं. बापू तिच्या ओसरीवर मांडी घालून बसले आणि म्हणाले, "आजी, तुम्ही बोला. म्या ऐकायला आलोय."

आजी बोलायला लागली. "मायनं मला पाठीवर घेतलं व्हतं. हदगावच्या वाटंनं आलो. एका गावात पाटलाचं मोठं घर व्हतं. मायनं दार वाजवलं, लई वाजवलं. आतून माणसं बोलून राहिली, आम्हाला ऐकू येई. मंग कडीचा आवाज आला. मायला वाटलं, दार उघडून राहिले." आजी थांबली. "तर त्यांनी आतून आणखीन एक कडी लावली, बाबा."

बापूंनी विचारलं, "कोणतं गाव, आजी?"

आजीनं गाव सांगितलं. पाटलाचं नावही सांगितलं. कार्यकर्त्यांनी माना खाली घातल्या. ते नाव बापूंच्या सख्ख्या आजोबांचं होतं! आजीला काही पत्ता नव्हता.

मला वाटलं, आता बापू उठतील. ते जरा पुढं सरकले आणि म्हणाले, "आजी, हे पुन्हा एकदा सांगा. सावकाश सांगा. एक शब्द बी सुटू द्यायचा न्हाई मला."

सगळं जसंच्या तसं पुस्तकात आलं, आजोबांच्या नावासकट. कुणकुण लागताच बापूंचे दोघं भाऊ तणतणत छापखान्यात आले. "रफिकभाई, ते पान काढा. घराण्याची अब्रू हाय का न्हाई?" बापू तिथंच बसून प्रूफ वाचत होते. मान वर न करता म्हणाले, "पान काढलं, तर ते दार दुसऱ्यांदा लावल्यासारखं व्हईल."

भाऊ उभ्या उभ्या परत गेले. रफिकभाईंनी त्या दिवशी बापूंना चहा स्वतःच्या हातानं करून दिला. तसा ते कुणालाच देत नाहीत!

* * *

लातूरला एक मोठा कार्यक्रम होता. स्टेजवर मंत्री, हारतुरे, फोटोवाले. मंत्री रंगात आले. "हदगावकडं जो तलाव झाला, तो कुणामुळं? आमच्या गंगाधरबापूंमुळं!" टाळ्या!

बापू जागेवरून उठले. लोकांना वाटलं, नमस्कार करायला उठले. त्यांनी सरळ माइक हातात घेतला. "साहेब, एक दुरुस्ती. तो तलाव माझ्या आधीच्या आमदारानं मंजूर करून आणला. त्यासाठी त्यानं मुंबईला लई चकरा मारल्या. म्या फक्त फीत कापली."

मंत्री हसायचं म्हणून हसले. पक्षाचे लोक स्टेजखाली कपाळाला हात लावून बसले. गाडीत एकानं विचारलंच, "बापू, काय गरज व्हती? तो आधीचा आमदार तर विरोधी पक्षाचा!"

बापू म्हणाले, "हाव, पण पाणी पक्षाचं न्हाई ना!"

* * *

एकदा पक्षाच्या मोठ्या नेत्याकडून निरोप आला. साहेबांचं चरित्र तुम्हीच लिहा, आर्ट पेपरवर काढू. साहेबांचा पीए स्वतः छापखान्यात येऊन बसला. बापूंनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "साहेबांच्या चुकांचा धडा मधी घ्यायचा का शेवटी?"

पीए हबकला. "चुका? साहेबांच्या चुका नाहीत."

"अरे वा," बापू म्हणाले. "मंग पुस्तक कशाला? मूर्तीच बसवा!"

पुढच्या वेळी तिकीट मिळायला बापूंना फार त्रास झाला. का, ते सांगायला नकोच.

* * *

तिकीट मिळालं ते मिळालं, पण त्या वेळी विरोधात कोण, तर नामदेवआबांचा पुतण्या. आबा म्हणजे बापूंचे जन्माचे विरोधक. एके काळचे मंत्री. बापूंना त्यांनी कितीदा तरी पाडलेलं. आणि गंमत बघा, बापू तेव्हा नेमकं आबांचंच चरित्र लिहीत होते!

मतमोजणीचा दिवस. सगळे कार्यकर्ते बापूंना शोधून राहिले. घरी नाहीत, ऑफिसात नाहीत, फोन बंद. बापू आमच्याकडं! पंख्याखाली बसून आबांच्या पहिल्या पराभवाच्या प्रकरणाचं प्रूफ वाचत होते. मोबाइलवर निकाल ऐकून रफिकभाईंचा चेहरा उतरत चाललेला, पण सांगायची हिंमत होईना.

तेवढ्यात एक कार्यकर्ता घामाघूम होऊन आत शिरला आणि रडायलाच लागला. "बापू, आपण पडलो!"

बापूंनी ओळीवरचं बोट हलवलं नाही. "जरा थांब," म्हणाले. "हितं आबा पडून राहिलेत. आधी त्यांना पडू दे!"

* * *

आता हा शेवटचा. हा सांगताना रफिकभाई मध्ये बोलत नाहीत.

आबा मंत्री असताना हदगावला शेतकऱ्यांचा मोर्चा निघाला होता. मोर्चावर लाठीमार झाला. बापू तेव्हा तरुण, मोर्चात पुढं होते. त्यांच्या उजव्या हाताचं एक बोट त्यात मोडलं, ते आजही वाकडं आहे. लाठीमाराचा हुकूम आबांनीच दिला, असं बापूंनी आयुष्यभर प्रत्येक सभेत सांगितलं. वाकडं बोट वर करून सांगायचे.

पण चरित्राच्या त्या प्रकरणाची अक्षरजुळणी करताना मी पाहिलं, तिथं लिहिलं होतं, 'हुकूम कोणी दिला याचा पुरावा मिळत नाही.'

मी म्हटलं, "बापू, हे काय? तुम्ही तर सभेत..."

"सभेत म्हणलो," बापू म्हणाले. "सगळीकडं हुडकलं, सुनंदाबाई. पुरावा न्हाई. पुस्तकात कसं म्हणू?"

पुस्तक छापायच्या आधी बापूंनी ठरवलं, आबांना सगळं वाचून दाखवायचं. आबा फार थकले होते, नजर गेली होती, लातूरला लेकीकडं असायचे. बापू एसटीनं लातूरला जायचे, एकेक प्रकरण वाचून परत यायचे. मोर्चाच्या प्रकरणाच्या दिवशी दुरुस्त्या टिपून घ्यायला मी सोबत होते. अहमदपूर मागं पडलं तरी बापू तेच पान पुन्हा पुन्हा वाचत होते.

आबा पलंगावर उशीला टेकून बसले होते. लेकीनं पाणी दिलं आणि ती दाराशी उभी राहिली. बापू वाचायला लागले. मोर्चा निघाला, घोषणा झाल्या, लाठ्या चालल्या, कोणकोण जखमी झालं. स्वतःचं नाव त्यांनी कुठंच घातलं नव्हतं. मग ते वाक्य आलं. 'हुकूम कोणी दिला याचा पुरावा मिळत नाही.'

"थांब," आबा म्हणाले.

बापू थांबले.

"गंगाधर, हे चुकीचं हाय."

"काय चुकलं, आबा?"

आबा उशीवरून जरा सरळ बसले. मग म्हणाले, "'साहेब, शेतकरी हायत, लाठी नको,' असं पोलीस अधिकारी म्हणत व्हता मला. म्या ऐकलं न्हाई. विश्रामगृहातनं फोन म्या केला. हुकूम माझा."

लेक दारातून पुढं आली. "बाबा, कामून? इतक्या वर्सांनी कोण इचारून राहिलंय तुम्हाला?"

आबांनी तिच्याकडं तोंड वळवलं नाही. हात पुढं करून ते चाचपडायला लागले. काय शोधतायत ते मला कळेना. बापूंना कळलं. त्यांनी आपला उजवा हात त्यांच्या हातात दिला. आबांची बोटं एकेक बोट चाचपत त्या वाकड्या बोटापाशी येऊन थांबली.

बापूंचा आवाज इतका बारीक मी कधी ऐकला नव्हता. "आबा, हे छापू?"

"नसतं छापायचं, तर तुला सांगितलं असतं व्हय?"

मी ते वाक्य खोडलं आणि आबांचं वाक्य लिहून घेतलं. बापूंनी डाव्या हातानं चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. उजवा हात अजून आबांच्याच हातात होता.

"थांबलास कामून?" आबा म्हणाले. "पुढं वाच."